कांदा हुंगून उठलेला गडी

जिंतूरच्या मैदानावर मी मारलेल्या त्या एका ट्रायची गोष्ट मी आजवर कुठं कुठं सांगितली नाही म्हणून विचारा. शाळांच्या स्नेहसंमेलनात सांगितली, गणपती मंडळाच्या बक्षीस समारंभात सांगितली, सासुरवाडीच्या ओट्यावर सांगितली, पुण्याच्या क्लबात सांगितली, श्रीलंकेत मोडक्यातोडक्या इंग्रजीत हातवारे करून सांगितली. लोकांना ती लय आवडते. मी गंगाखेडच्या स्टँडवर दिसलो तरी एखादा जण लांबूनच नाकाला मूठ लावून दाखवतो आणि हसतो. त्याला वाटतं तो माझं कौतुक करायलाय. माझ्या तळपायाची आग मस्तकात जाते. तरी मी हात वर करून हसतो, कारण हे सोंग माझंच आहे.

गोष्ट अशी. मी एकोणीस वर्षांचा. आमच्या कॉलेजचा रग्बीचा संघ, जिंतूरचं मैदान, अंतिम सामना. रग्बीत चेंडू काखेत मारून पळायचं, समोरच्यांची रेषा ओलांडायची आणि चेंडू जमिनीला टेकवायचा, त्याला ट्राय म्हणतात. पळणाऱ्याला कमरेला मिठी मारून आडवं पाडायचं, ते टॅकल. तर दुसऱ्या हाफमध्ये एका दांडग्या गड्याला टॅकल करायला मी वाकलो आणि त्याचा गुडघा माझ्या कानशिलावर बसला. मी जागच्या जागी आडवा, डोळे पांढरे. आमचे खेळाचे सर धावत आले. मैदानाच्या कडेला भज्याचा गाडा होता, तिथून कांदा मागवला, बुक्कीनं फोडला आणि माझ्या नाकाला लावला. आमच्याकडं कुणीही चक्कर येऊन पडलं की हेच करतात, लग्नातली म्हातारी असो की जत्रेतला पैलवान. मी उठलो, मैदानाची माती कपाळाला लावली आणि शेवटच्या मिनिटाला अर्धं मैदान पळत जाऊन ट्राय मारला. आम्ही जिंकलो. बघायला आलेल्या निवडवाल्यांनी तिथंच माझं नाव लिहून घेतलं.

यातलं मला काहीच आठवत नाही. गुडघा आठवत नाही, कांदा आठवत नाही, ट्राय तर नाहीच नाही. सकाळी एसटीच्या खिडकीची काच लागत नव्हती आणि तोंडावर धूळ येत होती, एवढं आठवतं. त्यानंतर एकदम दिवस कललेला आहे आणि मी जीपच्या मागं बसून ओकायलोय. मधला सगळा दिवस लोकांनी मला ऐकवला आणि मी तो पाठ केला. माझ्या उभ्या आयुष्यातला सगळ्यात मोठा दिवस, आणि मी त्याला हजर नव्हतो.

सरांबद्दल पुढं जे सांगणार आहे ते ऐकून तुम्ही मला बेइमान म्हणाल, म्हणून आधी त्यांचे उपकार सांगून टाकतो. आमचं गाव राणीसावरगावच्या पलीकडं. आई-बाप दर साली दिवाळी झाली की ऊसतोडीला जायचे. बारावीनंतर मीही कॉलेज सोडून त्यांच्यासोबत गेलो. उसाची मोळी डोक्यावर घ्यायची आणि उभ्या लावलेल्या फळीवरून ट्रकवर चढायचं, दिवसाला किती खेपा ते विचारू नका. सर आम्हाला शोधत एसटीनं तीन जिल्हे पालथे घालून फडावर आले. मुकादमाशी भांडले, माझ्या बापाच्या हातापाया पडले म्हटलं तरी चालेल, आणि मला घेऊन गेले. वर्षभर मी त्यांच्या घरी राहिलो. त्यांच्या मंडळींनी स्वतःच्या पोराला वाढावं तसं मला वाढलं. पुण्याच्या एका शिबिरातून सरांनी तो कोहळ्यासारखा लांबुळका चेंडू आणला होता आणि एका पातळशा पुस्तकावरून ते स्वतः शिकत शिकत आम्हाला शिकवायचे. चेंडू मागंच टाकायचा आणि पळायचं मात्र पुढं, हा काय येड्यांचा बाजार म्हणून पोरं हसायची. मी हसत नव्हतो. मला दोन वेळचं गरम मिळत होतं आणि डोक्यावर मोळी नव्हती.

त्या ट्रायनंतर सगळं भराभर झालं. राज्याचा संघ, मग पुण्याचा क्लब, मग देशाच्या शिबिरात बोलावणं, अंगात देशाची जर्सी, आणि शेवटी दोन हंगाम श्रीलंकेतल्या एका क्लबात पगारी खेळाडू. तिथल्या प्रशिक्षकानं पहिल्या दिवशी माझ्या मानेवरून हात फिरवला आणि ही मान कोणत्या व्यायामानं केली म्हणून विचारलं. मी म्हणालो, उसानं. त्याला काही कळलं नाही, पण त्यानं मला घेतलं.

आणि डोक्याला मार लागत राहिला. कुणाचा खांदा, कुणाचं कोपर, एकदा तर आमच्याच गड्याचं डोकं. कांद्याची गोष्ट सांगणारा गडी म्हणून मी ओळखला जायचो, मग मी कसा बसून राहणार? मोठ्या सामन्यांत डोक्याला लागलं की डॉक्टर मैदानात येतो आणि ठरलेले प्रश्न विचारतो. कोणतं मैदान, कोणता हाफ, गुण किती, शेवटचा ट्राय कुणी मारला, मागचा सामना कुणाशी होता. उत्तरं चुकली की बाहेर. मी यावर माझी अक्कल चालवली. सामन्याच्या आधी मैदानाचं नाव आणि मागच्या संघाचं नाव पन्नास वेळा घोकायचं. सामना चालू झाला की प्रत्येक ट्रायनंतर गुण आणि मारणाऱ्याचा नंबर तोंडातल्या तोंडात पुटपुटत राहायचं. डॉक्टर वाकला की मी धडाधड उत्तरं द्यायचो, आणि तो माझी पाठ थोपटून निघून जायचा. एवढं पाठांतर कॉलेजात केलं असतं तर मी आज कलेक्टर कचेरीत साहेब असतो.

मला पकडलं ते श्रीलंकेतल्या एका वयस्क डॉक्टरीणबाईंनी. मी पडलो, उठलो, सगळी उत्तरं बरोबर दिली. बाई जाईनात. त्यांनी शांतपणे विचारलं, आज सकाळी काय खाल्लंस? मी तोंड उघडलं आणि आत काहीच नव्हतं. इडल्या की पाव की काय, काही नाही. मी भात म्हणालो, अंदाजानं. बाईंनी हात वर करून मला बाहेर काढलं आणि पुन्हा त्या क्लबाकडून मी खेळलो नाही. पुढं कित्येक वर्षं मी त्या बाईंना मनातल्या मनात अशा शिव्या दिल्या की इथं लिहिता येणार नाहीत. माझं खेळणं संपवलं म्हणून. आता वाटतं, जिंतूरच्या मैदानावर भज्याच्या गाड्याऐवजी ही बाई उभी असती तर.

गावी परत आलो तेव्हा फाट्यावर माझा फ्लेक्स लागला होता. मुंडकं माझं आणि धड कुण्या फुटबॉलवाल्याचं, पायाशी गोल चेंडू. भाषण करणाऱ्यानं मला कबड्डीचा वाघ म्हटलं. कुणालाही खेळ माहीत नव्हता, पण कांदा सगळ्यांना माहीत होता. सत्काराच्या ताटात शाल, नारळ आणि नारळाशेजारी एक कांदा ठेवला होता. लोक टाळ्या वाजवत होते. मी तो कांदा उचलून नाकाला लावला आणि लोकांनी शिट्ट्या मारल्या. असा मी.

आता राणीसावरगावच्या एका शाळेत खेळ शिकवतो. घरात काय चाललं होतं ते मात्र फ्लेक्सवर लावण्यासारखं नव्हतं. ऊन डोळ्यांत खुपायचं. विहिरीवरची मोटार चालू करून विसरायचो. एकदा गंगाखेडच्या बाजारात उभा राहिलो आणि स्टँड कोणत्या बाजूला आहे तेच कळेना, अन् तिथं मी तीन वर्षं कॉलेजात शिकलेलो. आणि राग. भाजीत मीठ कमी म्हणून मी तांब्या फेकला, तो आरशावर बसला. लेक आठ वर्षांची होती. त्या दिवसापासून ती शाळेतून आली की आधी माझं तोंड बघायची, मग दप्तर खाली ठेवायची. बापाचं तोंड बघून पोरीनं घरात पाऊल टाकायचं, याच्यासारखी शरमेची गोष्ट नाही.

बायकोनं मला नांदेडला डोक्याच्या डॉक्टरकडं नेलं. ओढत नेलं म्हणा. डॉक्टरनं विचारलं, बेशुद्ध पडण्याइतका किंवा गरगरण्याइतका मार किती वेळा लागला. मी बोटं मोजायला लागलो आणि एका हाताची संपल्यावर दुसरा हात वर केला, तेव्हा बायकोनं तोंडाला पदर लावला. डॉक्टर म्हणाला, जे झालं ते आता दुरुस्त होणार नाही, गोळ्या घ्या, झोप सांभाळा. वाईट हे की मार लागल्यावर मी दरवेळी थांबलो असतो तर इतकं झालं नसतं, असंही तो म्हणाला.  

आणि लेकीनं नेमका तोच चेंडू उचलला. मी दिला नव्हता. बाराव्या वर्षी तिनं कोठीतून काढला, त्यात हवा भरली आणि शाळेच्या मैदानावर पोरींना गोळा केलं. पळायला लागली की वाऱ्याला ऐकायची नाही. मला आनंद झाला, खोटं कशाला बोलू. संध्याकाळी जेवताना मी तिला सगळं सांगायचो. कांद्याची गोष्ट तर तिला तोंडपाठ होती. डॉक्टरला कसं फसवायचो तेही मी तिला मजा म्हणून सांगितलं, गुण कसे पुटपुटायचे ते करूनही दाखवलं, आणि ती पोट धरून हसली. श्रीलंकेतल्या बाईंचं मात्र मी घरात कधीच सांगितलं नाही. हरलेल्या गोष्टी कोण सांगतो?

बायकोनं खेळायला नाही म्हटलं नाही. एकच अट घातली, माझ्यासमोर येऊन बसून. म्हणाली, "डोक्याला लागलं की त्या घडीला पोरगी बाहेर. मंग समोर कुणी का बसंना. ही जिम्मेदारी तुमची." मी म्हणालो बरं. आणि वर तिलाच सांगायला लागलो की डोक्याला मार म्हणजे काय असतं, तेव्हा ती म्हणाली की नाकानं कांदे सोलू नका, नुसतं हो म्हणा.

या वर्षी आमच्या शाळेच्या पोरी अंतिम सामन्यात गेल्या. मैदान जिंतूरचं, तेच. प्रमुख पाहुणे आमचे सर. आता निवृत्त होऊन परभणीला राहतात, केस पांढरे झालेत, पण गळ्यात शिटी अजून आहे. राज्याच्या संघासाठी निवडवाले खुर्च्या टाकून बसले होते. माइकवरच्या माणसानं सकाळपासून माझी गोष्ट चार वेळा सांगितली होती, आणि आज त्याच मैदानावर त्यांची कन्या, असं म्हणून तो दम घ्यायचा. माझी लेक पंधरा वर्षांची, आमच्या संघात सगळ्यात वेगवान. निवडवाल्यांतल्या एकानं मला हळूच सांगितलंही होतं, तुमची पोरगी घेतल्यातच जमा हाय.

दुसरा हाफ चालू होता, चार मिनिटं राहिली होती, आम्ही दोन गुणांनी मागं होतो. समोरची एक दणकट पोरगी चेंडू घेऊन निघाली. माझी लेक टॅकलला वाकली, डोकं चुकीच्या बाजूला गेलं, आणि त्या पोरीच्या खुब्याचं हाड तिच्या कानशिलावर बसलं. ती पडली. पडल्यावर तिचा एक हात हवेत तसाच ताठ राहिला, दोन-तीन श्वास, मग खाली आला. मी असा हात खेळताना दुसऱ्यांचा पाहिला होता. माझाही असाच राहिला असणार.

मी पोचलो तोवर ती उठून बसली होती. पंच म्हणजे विशीतला एक पोरगा, त्याला काही सुधरेना. म्हणाला की सर, तुमीच बघा, तुमचीच लेक हाय. मी खाली बसलो. तोंड उघडायच्या आत तीच बोलायला लागली. दुसरा हाफ, बारा-दहा, शेवटचा ट्राय त्यांच्या सात नंबरनं मारला, मागच्या सामन्यात आपण सेलूच्या पोरींना हरवलं, हे जिंतूरचं मैदान. मी एकही प्रश्न विचारला नव्हता. ती माझ्याकडं बघत होती आणि तिचे डोळे माझ्या थोडे मागं कुठंतरी लागले होते. आजूबाजूचे लोक म्हणायला लागले, बघा, शुद्धीवर हाय, सगळं बरोबर सांगायली, खेळू द्या.

ती उत्तरं माझी होती. जेवताना हसत हसत वाढलेली. 

मी विचारलं, "सकाळी आईनं डब्यात काय दिलं व्हतं?"

आता हे तिला आठवायलाच हवं होतं. सकाळी आईनं धपाटे आणि दह्यातली चटणी दिली होती, गंगाखेडच्या स्टँडवर डबा तिच्या हातातून सांडला, पोरींनी तिला हैराण केलं आणि धपाट्यांसाठी ती परभणीपर्यंत फुरंगटून बसली होती. ती माझ्याकडं बघत राहिली. मग शेजारच्या मैत्रिणीच्या तोंडाकडं बघितलं, तिथं काही मिळतंय का म्हणून. मग म्हणाली, "भाकरी." श्रीलंकेत मी भात म्हणालो होतो तसंच, अगदी त्याच आवाजात.

मी पंचाला सांगितलं की ही बाहेर. लेक किंचाळली. आणि तेवढ्यात मंडपातून सर आले. त्यांच्या हातात फोडलेला कांदा होता. आजही तिथं भज्याचा गाडा लागतो. माइकवाला तर चेकाळला होता, इतिहासाची पुनरावृत्ती म्हणून ओरडायला लागला, लोक उभे राहिले, काही जणांनी मोबाइल वर केले. सरांनी मला खांद्याला धरून बाजूला सारायला बघितलं. दोन मिनिटांत पोरीला उभी करतो म्हणाले.

मी म्हणालो की सर, ती बाहेर चालली. सर चिडले नाहीत. माझ्या कानाजवळ येऊन, लहान पोराला समजवावं तसं बोलले. म्हणाले, "आरं, निवडवाले बसलेत. त्या दिवशी मी तुला बाहेर काढलं असतं तर आज ऊस तोडत बसला असतास. पोरीचं नशीब कशाला मोडायलास?"

ते खरं होतं. ऊसच तोडत बसलो असतो. यावर मला कधीच उत्तर सापडलेलं नाही, आणि मला सगळ्यात जास्त राग याचाच येतो. तरी मी तोंड उघडलं आणि वीस वर्षं जे कुणालाही सांगितलं नव्हतं ते सांगितलं. म्हणालो, "सर, मला तो ट्राय आठवत न्हाई. त्या दिवशीचं कायबी आठवत न्हाई."

मला वाटलं त्यांना धक्का बसेल. सर हसले. मायेनं हसले.

"मला म्हाइत हाय की. उठलास तवा मलाच विचारलंस, सर, आपण कोणत्या गावाला आलोत? मी म्हणलं, जिंतूर हाय, पळ."

माझ्या डोक्यात काय झालं ते मला नीट सांगता येणार नाही. मला इतकी वर्षं वाटत होतं की सरांना कळलं नसेल. त्यांना कुठून कळणार, तो काळ तसा होता, खेड्यातला माणूस, पातळसं पुस्तक. मी त्यांना मनात माफ करून ठेवलं होतं. आणि हा माणूस मला सांगत होता की गाव कोणतं हे ज्याला कळत नव्हतं त्या पोराला त्यानं मैदानात ढकललं, आणि वर ते त्याला गोड वाटत होतं. माझ्या भल्यासाठी आपण एक गुपित जपलं असं त्याला वाटत होतं. मी त्यांच्या हातावर फटका मारला. कांदा मातीत पडला. ज्या माणसाचे पाय मी दर दिवाळीला धरले, त्याच्यावर मी हात उचलला, सगळ्या मैदानासमोर. 

लेकीला मी उचललं. ती माझ्या दंडाला ओरबाडत होती, पाय झाडत होती, सोडा म्हणून रडत होती. सात जणींच्या संघातल्या उरलेल्या सहा जणींनी राहिलेली मिनिटं काढली, कारण बदलीची पोरगी आधीच लंगडत बाहेर बसली होती. आम्ही हरलो. निवडवाल्यांनी लेकीचं नाव घेतलं नाही. अर्धवट सामना बघून कुणाचं नाव कसं घ्यायचं, असं ते म्हणाले.

परत येताना भाड्याच्या जीपमध्ये सगळ्या पोरी माझ्यावर रुसून बसल्या होत्या.  लेकीला मी पुढं माझ्याजवळ घेतलं होतं. झरीच्या जवळ तिनं मान वळवली आणि विचारलं, "पप्पा, आपण कोणत्या गावाला आलोत?"

मी म्हणालो, "झरी हाय. डोकं टेक."

तिनं माझ्या खांद्यावर डोकं टेकलं. परभणीत दवाखान्यात स्कॅन झालं. आत रक्त नव्हतं. डॉक्टर म्हणाले की मेंदूला धक्का बसलाय, पूर्ण आराम, आणि याच अवस्थेत दुसरा मार लागला असता तर ही पोरगी आता माझ्यासमोर बसलेली नसती. बाहेर आलो. जीप निघाली आणि पोखर्णीच्या पुढं तिनं पुन्हा विचारलं, आपण कोणत्या गावाला आलोत. पुन्हा गोदावरीच्या पुलावर. तोच आवाज, तेच शब्द, आधी विचारलंय याचा पत्ताच नाही. मी दरवेळी गावाचं नाव सांगितलं, पहिल्यांदाच सांगतोय असं. तिसऱ्या वेळी मागं बसलेली एक पोरगी हुंदके द्यायला लागली आणि मग सगळ्या जणी गाव येईस्तोवर एकमेकींचे हात धरून बसल्या.

सरांचा फोन आला नाही. परभणीत ते सगळ्यांना सांगतात की ज्याला घडवलं तोच उलटला. या दिवाळीला मी त्यांच्याकडं फराळाचा डबा घेऊन गेलो नाही. त्यांच्या मंडळींचा फोन आला, काय झालं रे बाळा म्हणून. त्यांच्या हातचं मी वर्षभर खाल्लंय. त्यांना काय सांगणार? कामं होती म्हणालो.

लेक पंधरा दिवस अंधाऱ्या खोलीत पडून होती. मोबाइल नाही, अभ्यास नाही, पळणं तर नाहीच. डोकं हळूहळू दुखायचं थांबलं आणि राग वर आला. रागाच्या बाबतीत ती माझीच आहे. एका दुपारी मी तिला ताट द्यायला गेलो तर ताट सरकवून ती म्हणाली की तुमी माझा सामना घालवला, माझं सिलेक्शन घालवलं. तिच्या मते ती ठीक होती, सगळी उत्तरं तिनं बरोबर दिली होती, मैत्रिणींनीच तिला तसं सांगितलं होतं. मी म्हणालो की तू जीपमध्ये मला तीनदा एकच गोष्ट विचारली. ती म्हणाली, मी असलं काही विचारलंच न्हाई. आणि मग तिनं जे म्हणायचं होतं ते म्हटलं.

"तुमी उठले ना? तुमी ट्राय मारला ना? मंग मलाच का न्हाई?"

बायको दारात ज्वारी निवडत बसली होती. तिचे हात थांबले. मी ताट खाली ठेवलं आणि लेकीच्या पायाशी बसलो.

"मला तो ट्राय आठवत न्हाई," मी म्हणालो. "कांदाबी आठवत न्हाई. सारं लोकांचं ऐकून सांगतो."

तिनं माझ्याकडं बघितलं. आरसा फुटला त्या दिवसानंतर बघायची तसं नाही, वेगळं.

"मंग इतके वर्ष कशाला सांगितलं?"

 "लोकाला आवडायचं म्हणून," मी म्हणालो.

तिनं भिंतीकडं तोंड केलं आणि चादर डोक्यावर ओढली. बायको पुन्हा ज्वारी निवडायला लागली. मी तिथंच बसून राहिलो. मला स्वतःचा इतका राग आला होता की हात कुठं ठेवावे ते कळत नव्हतं. बऱ्याच वेळानं चादरीच्या आतून आवाज आला, खरंच तीनदा विचारलं का म्हणून. मी म्हणालो, तीनदा.

"मंग तुमी काय सांगितलं?"

"गावाचं नाव सांगितलं. आन म्हणलं, डोकं टेक."

 थोड्या वेळानं चादरीतून हात बाहेर आला आणि तिनं ताट जवळ ओढलं.